रक्त गोठण्याची आणि न गोठण्याची कथा



मराठीत ‘रक्त गोठणे’ हा वाक्प्रचार भयाचा आहे. काही भीषण पाहिले, ऐकले की माणसाचे रक्त गोठते असे भाषा म्हणते. परंतु पावसाळ्याच्या एखाद्या रात्री तालुक्याच्या आरोग्य केंद्रात शेतातून आणलेला माणूस खाटेवर पडलेला असतो, काचेच्या नळीत त्याचे थोडे रक्त घेतलेले असते आणि डॉक्टरांचे लक्ष घड्याळाकडे लागलेले असते. त्या वेळी ते रक्त गोठावे, हीच खोलीतल्या प्रत्येकाची इच्छा असते. वीस मिनिटांनी नळी तिरपी केल्यावर रक्त पाण्यासारखे वाहिले, तर भय तेथून सुरू होते. भाषेतला अर्थ आणि वैद्यकातला अर्थ यांची अशी उलटापालट ज्या व्याधीत होते, तिचा परिचय करून देणे हा या व्याख्यानाचा हेतू आहे.

ग्रंथालयाच्या शताब्दी महोत्सवात साहित्य, नाट्य आणि इतिहास यांच्या पंक्तीला हा विषय का बसवावा, असा प्रश्न कोणाच्याही मनात येईल. त्याचे उत्तर वास्कोच्या लोकवस्तीतच आहे. मुरगाव बंदर, रेल्वे आणि कारखाने यांच्या आधाराने वाढलेल्या या शहरात पेडणे, डिचोली, सत्तरी, सावंतवाडी या भागांतून आलेली कितीतरी कुटुंबे आहेत. त्यांचे घर वास्कोत असले तरी मूळ गावात आहे. चवथीला, जत्रेला, काजूच्या हंगामाला पावले गावाकडे वळतात. वाळलेल्या पाल्यात हात घालून बोंडू गोळा करणे, सरद शेतीची कापणी, कुळागरातले पाट, गोठ्यातले गवत, जांभ्या दगडाचा सडा ही जशी माणसांची कामाची ठिकाणे, तशीच ती घोणस आणि फुरसे या सापांच्या वावराचीही ठिकाणे आहेत. शहरातल्या शिकलेल्या नातेवाइकाला रात्री गावाहून विचारणा होते आणि त्याने दिलेल्या सल्ल्यावर कधी एका जिवाचे भवितव्य ठरते. तो सल्ला अचूक असावा, एवढ्यासाठी तरी या विषयाला ग्रंथालयात जागा हवी.

सापाविषयी या भूमीच्या मनात भय आणि पूज्यभाव एकत्र नांदतात. पेडणे, डिचोली, सत्तरी या महालांत रोयण, म्हणजे वारूळ, हे सातेरीचे रूप मानले जाते. नागपंचमीला नांगर थांबतो. रात्रीच्या वेळी सापाचे नाव घेऊ नये, ‘जनावर’ किंवा ‘किरडू’ म्हणावे, असा संकेत आहे. सर्पदंश झाला असे थेट न म्हणता ‘पान लागले’ असे म्हणण्याचीही मराठीची रीत आहे. शब्द सौम्य केल्याने संकट सौम्य होईल, ही त्यामागची श्रद्धा. अशा श्रद्धेचा उपहास करण्याचे कारण नाही. मात्र ‘पान’ लागल्यावर पुढील दोनचार तासांत शरीराच्या आत काय घडते, हे समजले तर ते तास वाया जाणार नाहीत.

प्राचीनांचे निरीक्षण या बाबतीत विलक्षण सूक्ष्म होते. सुश्रुतसंहितेच्या कल्पस्थानात सापांचे दर्वीकर, मंडली आणि राजिमान असे वर्ग केलेले आहेत. फणाधारी तो दर्वीकर, अंगावर मंडले असणारा तो मंडली. घोणसाच्या पाठीवरच्या गोलाकार ठिपक्यांच्या रांगा पाहिल्या की तो मंडली वर्गातला, हे ध्यानात येते. मंडलीच्या विषाने दाह होतो, तहान लागते, थंडाव्याची इच्छा होते, दंशाची जागा सुजते व सडते आणि शरीरातून ऊर्ध्व व अधो अशा दोन्ही मार्गांनी रक्त जाते, असे तेथे वर्णन आहे. इतर दंशांत डाग देण्याची अनुमती देणारा हा ग्रंथ मंडलीच्या दंशावर डाग देण्यास मात्र स्पष्ट मनाई करतो. रक्त का वाहते याचे कारण त्या काळी दोषांच्या परिभाषेत सांगितले गेले, पण लक्षणांची नोंद आजच्या रुग्णालयातल्या नोंदीशी जुळते. पुढे १५६३ साली गोव्यातच छापलेल्या गार्सिया द ओर्ता यांच्या औषधींवरील संवादग्रंथातही सर्पविषावर वापरल्या जाणाऱ्या लाकडाची आणि मुंगसाची चर्चा आहे. विषाने रक्ताचे काय होते, हा प्रश्न मात्र पुढच्या शतकांवर राहिला.

तो समजण्यासाठी निरोगी रक्ताचे कार्य पाहावे लागते. रक्त वाहिन्यांत द्रव राहते आणि जखम होताच तेथे घट्ट होते. ही दोन परस्परविरुद्ध कामे ते एकाच वेळी सांभाळते. वाहिनीला चीर पडली की प्रथम बिंबाणू, म्हणजे प्लेटलेट, तेथे चिकटतात. डेंग्यूमुळे हा शब्द आता घराघरांत पोहोचला आहे. त्यानंतर रक्तद्रवातील गोठणघटक एकामागून एक जागे होतात आणि शेवटी फायब्रिनोजेन या विरघळलेल्या प्रथिनापासून फायब्रिनचे धागे विणले जातात. या जाळ्याने गुठळी पक्की होते. हे सारे साहित्य मोजके असते. धरणाच्या भिंतीला पडलेले भोक बुजवण्यासाठी ठेवलेली माती जर शेतभर उधळून टाकली, तर खरे भोक बुजवायला काही उरत नाही.

घोणसाचे विष नेमके हेच करते. या विषातील काही प्रथिने गोठणक्रियेतील दहाव्या आणि पाचव्या घटकाला थेट जागे करतात. फुरशाच्या विषातील प्रथिन त्याच्याही पुढच्या पायरीवर, प्रोथ्रॉम्बिनवर, घाला घालते. जखम नसताना साऱ्या शरीरात गोठणक्रिया एकदम सुरू होते आणि पाहता पाहता फायब्रिनोजेनचा साठा संपतो. नंतर हिरड्यांतून, दंशाच्या जागेतून, सुई टोचलेल्या जागेतून रक्त झिरपते व थांबत नाही. म्हणजे रक्त न गोठण्याचे कारण, ते आधी नको तेथे गोठले, हे आहे.

यापुढची अवस्था अधिक कपटी आहे. शरीरातील सर्वांत बारीक रक्तवाहिन्या, केशवाहिन्या, साध्या केसाच्या सुमारे दहाव्या भागाइतक्या रुंद असतात. तांबडी पेशी त्यांतून अंग चोरून जाते. विषामुळे या वाहिन्यांचे आतले अस्तर दुखावले आणि तेथे सूक्ष्म गुठळ्या अडकल्या की रक्ताचा मार्ग काटेरी कुंपणासारखा होतो. त्यातून रेटल्या जाणाऱ्या तांबड्या पेशी फाटतात. सूक्ष्मदर्शकाखाली त्यांचे तुकडे शिरस्त्राणासारखे, त्रिकोणी दिसतात. बिंबाणू गुठळ्यांत खर्ची पडल्याने त्यांची संख्या घसरते. आणि ज्या अवयवात अशा वाहिन्यांची दाटी आहे, त्याचा रक्तपुरवठा तुटतो. प्रत्येक मूत्रपिंडात रक्त गाळणारे केशवाहिन्यांचे सुमारे दहा लाख झुबके असतात. साहजिकच पहिला बळी मूत्रपिंडाचा जातो. फाटलेल्या तांबड्या पेशी, घटलेले बिंबाणू आणि दुखावलेला अवयव या तीन खुणा एकत्र दिसल्या, की वैद्यक त्या अवस्थेस ‘थ्रॉम्बॉटिक मायक्रोअँजिओपॅथी’ म्हणते. सूक्ष्म रक्तवाहिन्यांतील गुठळ्यांची व्याधी, असा त्याचा सरळ मराठी अर्थ.

ही व्याधी केवळ सर्पदंशाने होत नाही. १९२४ साली न्यूयॉर्कमधील डॉ. एली मॉस्कोविट्झ यांनी सोळा वर्षांच्या एका मुलीच्या आजाराचे वर्णन प्रसिद्ध केले. काही दिवसांच्या तापानंतर ती दगावली होती आणि तिच्या अंत्य धमनिका व केशवाहिन्या गुठळ्यांनी भरलेल्या आढळल्या. १९५२ साली विल्यम सिमर्स यांच्या लेखाने व्याधीचे आजचे नाव रूढ झाले. १९५५ मध्ये स्वित्झर्लंडमधील कॉनराड गॅसर यांनी मुलांमध्ये रक्तपेशी फुटणे आणि मूत्रपिंड निकामी होणे यांची सांगड असलेला आजार वर्णिला. आपल्याकडे रक्ती आवेच्या साथींनंतर लहान मुलांत तो दिसे. वेल्लोरच्या डॉक्टरांनी १९७० च्या दशकात त्याचा अभ्यास प्रसिद्ध केला. अलीकडे दिल्लीच्या अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेतील अभ्यासात असेही आढळले, की जुलाबाशी संबंध नसलेल्या या आजाराच्या जवळजवळ निम्म्या भारतीय मुलांत शरीराने स्वतःच्याच एका रक्षक प्रथिनाविरुद्ध प्रतिपिंडे तयार केलेली असतात.

मॉस्कोविट्झ यांच्या रुग्णेला जो आजार होता, त्याचे कोडे सुटायला पाऊण शतक लागले. रक्तात फॉन विलेब्रांड हे लांबलचक दोऱ्यासारखे प्रथिन असते. बिंबाणूंना चिकटवण्याचे काम ते करते. हे दोरे वेळोवेळी कापून आखूड ठेवणारी एक कात्री रक्तात असते आणि तिला ‘अ‍ॅडॅम्ट्स-१३’ असे नाव आहे. ही कात्री नाहीशी झाली, की लांब दोरे जागोजाग बिंबाणू गोळा करून सूक्ष्म वाहिन्या बुजवतात. उपचाराविना असे दहापैकी सुमारे नऊ रुग्ण दगावत. रुग्णाचा रक्तद्रव काढून निरोगी दात्यांचा रक्तद्रव देण्याची पद्धत कॅनडातील अभ्यासाने १९९१ साली सिद्ध केली आणि चित्र पालटले. कात्रीचा शोध त्यानंतरचा आहे. उपाय आधी सापडला आणि कारण नंतर, असे वैद्यकाच्या इतिहासात पुष्कळदा घडले आहे.

सर्पदंशात मात्र दोष या कात्रीचा नसतो. म्हणून रक्तद्रव बदलण्याचा तो उपाय येथे लागू पडेलच असे नाही. सर्पदंशातील त्याची उपयुक्तता सिद्ध झालेली नाही. येथे आधार दोन गोष्टींचा आहे : वेळेवर दिलेली प्रतिविषाची लस आणि मूत्रपिंड थकल्यास डायलिसिस. चंडीगडच्या पदव्युत्तर वैद्यकीय संस्थेतील डॉ. कृपाल सिंग चुघ आणि त्यांचे सहकारी यांनी सर्पदंशानंतर मूत्रपिंडाचे काय होते याचा दीर्घ अभ्यास केला. घोणस आणि फुरसे यांच्या दंशानंतर काही रुग्णांत मूत्रपिंडाचा संपूर्ण बाह्य थर रक्तावाचून मृत होतो, हे त्यातून पुढे आले. असा रुग्ण जिवंत राहिला तरी त्याचे मूत्रपिंड पूर्ववत होईल याची शाश्वती नसते. जीव वाचला म्हणून घरच्यांनी देवाला नारळ ठेवावा आणि काही महिन्यांनी घरचा कर्ता पुरुष कायमचा डायलिसिसवर जावा, ही शोकांतिका त्या बारीक वाहिन्यांत पहिल्याच दिवशी लिहिली गेलेली असते.

पहिल्या दिवशी ती वाचायची कशी? येथे पुन्हा त्या काचेच्या नळीकडे यावे लागते. नवी अथवा निर्मळ, कोरडी काचेची नळी घ्यावी. ती साबणाच्या पावडरीने धुतलेली नसावी. तीत रुग्णाच्या शिरेतले दोन मिलिलिटर रक्त घ्यावे, वीस मिनिटे हलवू नये आणि मग एकदा तिरपी करावी. रक्त वाहिले, तर विष रक्तात पसरले आहे आणि प्रतिविष देण्यास विलंब नको. वीज गेली तरी ही चाचणी अडत नाही. भारतातील रूढ उपचारपद्धतीत सामान्यतः दहा कुप्यांनी आरंभ होतो. लहान मुलालाही मोठ्याइतकीच मात्रा लागते, कारण साप वय पाहून विष कमी सोडत नाही. लशीची तीव्र प्रतिक्रिया काहींना येते, म्हणून अ‍ॅड्रिनलिन हाताशी ठेवूनच ती दिली जाते. प्रतिविष मोकळ्या विषाला बांधून टाकते. आधीच संपलेले गोठणघटक ते परत आणू शकत नाही. ते यकृताने नव्याने बनवायचे असतात आणि त्यास काही तास लागतात. म्हणून सहा तासांनी चाचणी पुन्हा करून पुढची मात्रा ठरवतात. रक्त गोठू लागले म्हणजे सारे निभावले, असेही नाही. लघवी किती होते, बिंबाणू किती आहेत, क्रिएटिनिन वाढते का, यांवर पुढचे काही दिवस लक्ष ठेवावे लागते. घरी जाण्याची घाई याच टप्प्यावर महाग पडते.

ही लस घोड्यांच्या रक्तापासून तयार होते. आल्बेर काल्मेत आणि त्यांच्या समकालीनांनी १८९४ च्या सुमारास तिचा पाया घातला. १८९९ साली प्लेगच्या प्रयोगशाळेच्या रूपाने सुरू झालेली आणि १९२५ पासून हाफकिन यांच्या नावाने ओळखली जाणारी मुंबईची संस्था या कार्यात अग्रेसर राहिली. आजची लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांच्या विषांवर चालते. सह्याद्रीच्या रानात आढळणाऱ्या, नाकाचे टोक वर उचललेल्या चापड्याच्या विषावर मात्र तिचा उपयोग होत नाही, आणि त्या विषानेही मूत्रपिंडातील सूक्ष्म वाहिन्या बुजू शकतात. संशोधनाला अजून वाव आहे, तो असा घराजवळच.

शेजारच्या रत्नागिरी जिल्ह्याचा इतिहासही बोलका आहे. इंग्रजी अमदानीत तेथे फुरसे मारण्यासाठी बक्षीस ठेवले होते. व्हिडाल या अधिकाऱ्याने १८९० साली लिहिल्याप्रमाणे सहा वर्षे दरसाल सरासरी दोन लाखांहून अधिक फुरशी मारली गेली. तरीही कोकणातून ना फुरसे संपले, ना दंश. याच कोकणात, रायगड जिल्ह्यातील महाड येथे, डॉ. हिम्मतराव बावस्कर यांनी ग्रामीण दवाखान्यात राहून विंचूदंशावर प्राझोसिन या औषधाचा उपयोग दाखवून दिला, सर्पदंशाचाही अभ्यास केला आणि २०२२ साली पद्मश्रीचा बहुमान मिळवला. जीव वाचतात ते जवळच्या दवाखान्यातल्या जागरूक माणसामुळे, हे बक्षिसांच्या आणि औषधांच्या या दोन कथा शेजारी ठेवल्या की उमगते.

विषाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. १९३४ साली लंडनमध्ये मॅकफार्लेन आणि बार्नेट यांनी घोणसाचे विष अत्यंत सौम्य करून हिमोफिलियाच्या, म्हणजे रक्त न गोठणाऱ्या रुग्णांच्या, जखमांवर लावले आणि रक्त थांबवले. रक्तातील एका विशिष्ट दोषाच्या तपासणीत घोणसाचे विष आजही प्रयोगशाळांत वापरतात. फुरशाच्या विषातील एका प्रथिनाच्या अभ्यासातून टिरोफिबान हे हृदयरोगावरील औषध घडले. जे रक्ताचे कुलूप मोडते, त्याच्यावरूनच कुलपाची किल्ली कशी असते हे शास्त्रज्ञ शिकले.

अशी विद्या जगाला मिळाली, तरी खेड्यातला शेतकरी दगावतच राहिला. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या एका राष्ट्रव्यापी अभ्यासाच्या अंदाजानुसार २००० ते २०१९ या वीस वर्षांत भारतात सुमारे बारा लाख माणसे सर्पदंशाने मृत्युमुखी पडली. म्हणजे वर्षाला सरासरी अठ्ठावन्न हजार. त्यांत बहुसंख्य ग्रामीण भागातील. जागतिक आरोग्य संघटनेने २०१७ साली सर्पदंशाला उपेक्षित उष्णकटिबंधीय आजारांच्या यादीत घातले. भारत सरकारने मार्च २०२४ मध्ये राष्ट्रीय कृतियोजना जाहीर केली आणि २०३० पर्यंत हे मृत्यू निम्म्यावर आणण्याचे उद्दिष्ट ठेवले. त्याच वर्षी प्रत्येक दंशाची नोंद सक्तीची करावी, असे राज्यांना कळवण्यात आले. जे मोजले जात नाही, त्याची लसही पुरेशी मागवली जात नाही, हा त्यामागचा व्यवहार.

योजना दिल्लीत होतात, पण दंश होतो तो कुळागरात. तेथे करायच्या गोष्टी थोड्या आहेत. माणसाला धीर द्यावा आणि चालू-धावू देऊ नये. दंश झालेला हात वा पाय मोडलेल्या हाडासारखा फळीला बांधून स्थिर ठेवावा. अंगठी, कडे, पैंजण सूज येण्यापूर्वी काढावेत. १०८ ला फोन करावा किंवा मिळेल त्या वाहनाने जवळचे आरोग्य केंद्र गाठावे; पुढे म्हापसा वा बांबोळीला न्यायचे की नाही ते तेथील डॉक्टर ठरवतील. न करायच्या गोष्टीही तितक्याच महत्त्वाच्या. आवळून दोरी बांधणे सुश्रुताच्या काळी विहित होते, आज ते वर्ज्य आहे. आवळलेल्या अवयवाचे रक्त तुटते आणि दोरी सोडताच साचलेले विष एकदम पुढे धावते. जखमेला चिरा देणे तर घोणसाच्या बाबतीत आत्मघात ठरतो, कारण ज्याचे रक्त गोठणारच नाही त्याला आणखी एक जखम होते. चोखणे, बर्फ, गावठी पाला, कोंबडीचा प्रयोग यांत फक्त वेळ जातो. साप मारून आणण्याचीही गरज नाही.

मांत्रिकाविषयी एक गोष्ट समजून घ्यावी. त्याच्याकडे नेलेले अनेक लोक बरे होतात हे खरे आहे, कारण कित्येक दंश बिनविषारी सापांचे असतात आणि विषारी साप चावला तरी प्रत्येक वेळी विष उतरतेच असे नाही. ज्या दंशात ते उतरलेले असते, त्यात मात्र मंत्र चालू असतानाच फायब्रिनोजेन संपत असते. गाऱ्हाणे देवाला अवश्य घालावे, ते रुग्णवाहिका निघाल्यावर घालावे.

या ग्रंथालयाने शंभर वर्षे मराठी शब्द जपले. त्या शब्दांत ‘पान लागणे’ही आहे आणि आता ‘प्लेटलेट’ही आहे. या व्याधीवरचे बहुतेक लेखन इंग्रजीत आहे आणि ज्यांना ती होते ते ते वाचत नाहीत. मधला पूल बांधणे हे वाचनालयाचे काम आहे. दंशानंतर काय करावे आणि काय करू नये, हे एका पानावर ठळक मराठीत छापून वाचनकक्षाच्या दारात लावावे. चवथीला गावी जाणाऱ्या प्रत्येक सभासदाने त्याची एक प्रत नेऊन वाड्यावरच्या देवळात, शाळेत आणि दुकानात चिकटवावी. त्या पानावर सर्वांत वरची ओळ एवढीच असावी : डॉक्टरांना विचारा, ‘वीस मिनिटांची नळीची चाचणी केली का?’